नेक्टरिनची दृष्ट

"काय तरारलंय हो तुमचं नेक्टरिन!" शेजारच्या दातीरवहिनी कुंपणावरून म्हणाल्या, आणि दुसऱ्याच दिवशी दोन पानांच्या कडा करपल्या. सिमल्याहून मांडीवर धरून आणलेलं, पीचच्या जातीच्या फळाचं कलम. पाणी वेळेवर, खत वेळेवर. मग करपेल कशाने? बाईची नजरच वाईट!

मी रोज तिन्हीसांजेला झाडाची दृष्ट काढू लागले. घरात चूल नाही, म्हणून उतरवलेली मीठ-मोहरी तिथेच आळ्यात टाकायची. वहिनी मात्र येता-जाता वाकून बुंध्याकडे बघायच्या, आणि झाड आणखीच करपायचं.

आज शेंड्याचीही पानं गळली. मी नेहमीपेक्षा जास्त मीठ घेतलं. झाडावरून उतरवणार, तोच वहिनी कुंपणाशी आल्या.

"रागावू नका," त्या हळूच म्हणाल्या, "पण तुमच्या आळ्याच्या कडेला मोहरी उगवलीय. मातीवर मिठाचा पांढरा थर आलाय. मिठाने मुळं मरतात हो. कुणीतरी जळतंय तुमच्या झाडावर. मी लक्ष ठेवू का?"

"ठेवा ना," मी म्हणाले, आणि मिठाची मूठ पदराआड घेतली.