जीनचा गुलाब

"सगळी माती घरातूनच न्यावी लागेल," बेथन म्हणाली. "भिंतीला भिंत लागून घरं, बाजूने वाटच नाही. चालेल ना?"

"गालिचे उचलून ठेवते," एनिड म्हणाली.

बाग कसली, घरामागची पट्टीच ती, लांबच लांब आणि अरुंद. बेथन बागा आखून द्यायची. सरळ पायवाट मोडून तिरकी न्यायची, बागेचे तीन भाग पाडायचे, म्हणजे पट्टी रुंद वाटते, असं तिचं म्हणणं.

"तो गुलाब राहू द्या. मधोमध शोभेल."

"तोच आधी काढ. मुळासकट. आणि खालची मातीही ठेवू नकोस."

तिच्या नवऱ्याने, क्लिफर्डने, नव्या बागेला होकार देताना एवढंच म्हटलं होतं, "गुलाबाला हात लावू नका म्हणजे झालं." एनिडने बरं म्हटलं होतं.

लग्नाचं सारं आयुष्य तिने तो गुलाब सोसला. रोज संध्याकाळी हा चहाचा कप घेऊन त्याच्यापाशी जायचा. एकदा तिने स्वतःच्या कानांनी ऐकलं, "थंडी वाजते का गं, जीन?" मागच्या गल्लीतली जीन कॅनडाला गेली, त्याच सुमारास याने तो लावला होता. मग आणखी विचारायचं काय? तेव्हा एनिडचं मूल पोटातच गेलं होतं. नर्सने त्याचं तोंडसुद्धा दाखवलं नाही, आणि या दगडाने डोळ्यांतून टिपूस काढलं नाही. त्या सटवीसाठी मात्र गुलाब. एनिडचा अजून जळफळाट व्हायचा.

क्लिफर्ड क्लबात बोल्स, म्हणजे हिरवळीवर चेंडू घरंगळवायचा खेळ, खेळायला गेला आणि बेथनची माणसं कामाला लागली. मातीच्या गोण्या बैठकीच्या खोलीतून पुढच्या दारी निघाल्या. एनिड स्वतः दार धरून उभी राहिली.

"उचला जरा भराभर. म्हातारा यायच्या आत गाडी निघाली पाहिजे."

निघाली.

क्लिफर्ड परतला तो स्वयंपाकघराच्या दारातच थबकला.

"गुलाब कुठाय?"

"गेला. मातीसकट, गावाबाहेरच्या कचऱ्यात." तिने शांतपणे चहा ओतला. "आता तरी सांग. तुझी आणि त्या जीनची काय भानगड होती?"

"कुठली जीन?"

"जिच्याशी रोज बोलतोस ती."

क्लिफर्ड खुर्चीत बसला.

"दवाखान्यात आपली पोर बुटांच्या खोक्यात घालून माझ्या हातात दिली," तो म्हणाला. "तू गुंगीत होतीस. आईला काही सांगू नका, विसरून जाईल म्हणाले. बागेत पुरली, वर गुलाब लावला. नाव मीच ठेवलं."