जाळी धरायला कुणीतरी

बांगड्याचं डोकं बांधलेली दोरी तिनं हळूहळू वर ओढली. पाण्याखाली कुर्लीची नांगी दिसली आणि सवयीनं तिच्या तोंडून निघालं, "बाबा, जाळी!"

बाबांना जाऊन महिना झाला होता. पाण्याबाहेर येताच कुर्ली डोकं सोडून खाडीत पडली.

जेटीवर गळ टाकून बसलेली शेजारची काकी हसली. "एकान दोरी वडूची, एकान जाळी लावची. एकट्याक कुर्ली खंय गावता गो?"

"बाबांना मिळायच्या की."

"तुझ्या बापाशीक? तू लगीन होवन गेलंस, तेच्यानंतर एकव नाय. दर आयतवारी येय नि रिकामी बादली घेवन जाय."

दर रविवारी बाबा फोनवर सांगायचे, "आज दोन मिळाल्या. झक्कास कालवण केलं." मग ती निर्धास्तपणे फोन ठेवायची.

काकी जाळी धरायला उठली. तिनं काकीला मानेनंच नको म्हटलं. ओहोटी लागेपर्यंत ती दोरी सोडत राहिली. कुर्ल्या वर येत राहिल्या, सुटत राहिल्या.

तिनं रिकामी बादली उचलली, तोच लेकीचा फोन आला. "आई, मिळाल्या कुर्ल्या?"

"मिळाल्या ना," ती म्हणाली, "दोन."