ॲडमिरल घरीच आहेत

पाहुण्यांसमोर मरीनसचं नाव काढायचं नाही, असं पीटरनेलनं बाबांना पुन्हा एकदा बजावलं. ती त्यांच्या गळ्याची पांढरी पट्टी बांधत होती. व्हाइस ॲडमिरल लीव्हन हाउब्रेख्त लहान मुलासारखे हनुवटी वर करून उभे होते.

"नाही काढत," ते म्हणाले.

"ते तुम्हाला समुद्रावर चला म्हणतील."

"म्हणतील."

"मग काय सांगाल?"

"तू म्हणशील ते."

हल्ली ते असेच झाले होते. ज्यांच्या एका निशाणावर डच झेलंड प्रांताचा अख्खा ताफा शिडं फिरवायचा, ते आता कोणता कोट घालू हेही लेकीला विचारत.

गेल्या उन्हाळ्यातल्या लढाईपासून हे सुरू झालं. मरीनस, पीटरनेलचा धाकटा भाऊ, बाबांच्याच ताफ्यात एका लहान जहाजाचा कप्तान होता. इंग्रजांची अग्निनौका, शत्रूवर पेटवून सोडलेलं जहाज, त्याच्या जहाजाला येऊन चिकटली. सगळा ताफा पेटू नये म्हणून बाबांनी बाकीची जहाजं वाऱ्याबरोबर दूर काढली. मरीनस होडीतून निसटला आणि पूर्वेकडे निघालेल्या एका जहाजानं त्याला उचललं. तिकडचा निरोप घरी पोचायला वर्ष-दीड वर्ष लागतं, हे व्लिसिंगेन बंदरातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण बाबांनी मागे वळून ज्वाळा पाहिल्या होत्या. ते घरी आले ते पोरगा जळाला हेच धरून. पीटरनेलनं त्यांना समजावलं, रोज समजावलं. हळूहळू त्यांनी वाद घालणं सोडलं. आता ती मरीनसच्या परत येण्याचं बोलू लागली की ते नुसते तिचा हात हातात घेऊन बसत.

त्यांच्या कपड्यांना जळक्या डांबराचा वास येई. तिनं ते कितीदा धुवायला लावले, तरी वास जाईना. शेगडीत ठिणगी तडकली की घरातलं सगळं बोलणं थांबे.

दुखण्याची घराला सवय झाली होती. बंदराकडचं मागचं दार कुलपात असे आणि किल्ली तानेके मोलकरणीच्या कमरेला. भ्रमात कुणी धक्क्यावर जाऊन पाण्यात उतरलं तर काय करायचं? डॉक्टर आले की बाबांकडे वळण्याआधी पीटरनेललाच विचारत, झोप लागते का, जेवण जातं का. हुशार माणूस. रोग्याची रात्र कशी गेली हे उशाशी बसणाऱ्याच्या डोळ्यांत दिसतं, हे त्यांना कळत होतं.

नौदल मंडळाचे ब्रामसे धापा टाकतच आले. या घराच्या पायऱ्या दर वेळी वाढतात, अशी त्यांनी तक्रार केली.

"पायऱ्या होत्या तेवढ्याच आहेत, साहेब," तानेके त्यांचा झगा घेत म्हणाली. "वाढलंय ते दुसरंच काहीतरी."

ब्रामसे हसले, पण पीटरनेल समोर दिसताच गंभीर झाले. तिनं त्यांना बाबांकडे जाऊ दिलं नाही. आधी स्वयंपाकघरात नेलं, बिअरचा पेला पुढे ठेवला आणि इतके महिने पोटात ठेवलेलं सगळं सांगून टाकलं. बाबांना नेलं तर ताफा बुडेल, हजारो बायका कपाळ बडवतील. त्यांचं डोकं फिरल्याचं गावभर झालं तर ते अब्रूपायी मरतील. तेव्हा गुडघे धरलेत असं काहीतरी मंडळाला सांगा आणि दुसरा माणूस बघा.

ब्रामसे पेल्याला शिवलेसुद्धा नाहीत. हातातली हॅट गोल गोल फिरवत राहिले.

"फार सोसलंस, पोरी."

"मी नाही. ते सोसतायत."

"हो. ते सोसतायत." मग त्यांनी विचारलं, आता आलोच आहे तर जुन्या मित्राशी दोन शब्द बोलू का?

तिनं होकार दिला, पण दार लोटून घेऊ दिलं नाही. तानेकेला बरोबर घेऊन ती दाराबाहेर उभी राहिली. बाबा भलतंसलतं बोलू लागले तर लगेच आत जाता यावं म्हणून.

पण आतून येणारा आवाज वेगळाच होता. जुना, जहाजावरचा. वाळूचे दांडे हिवाळ्यात कुठे सरकले, कोणत्या कप्तानाला आघाडीला ठेवायचं, कोण दुपारपर्यंतच शुद्धीवर असतो, बाबा एकेक सांगत होते आणि ब्रामसे मध्येच एखादा प्रश्न टाकत होते. शुद्धीची अशी एखादी घटका त्यांना मिळायची, आणि ती नेमकी आजच मिळावी! हा माणूस त्यांना घेऊन जाणार.

"एवढं सगळं डोक्यात असताना घरात बसलायस," ब्रामसे म्हणाले. "लोक भित्रा म्हणतायत तुला."

"म्हणू देत."

"मरीनसच्या शवपेटीला मीही खांदा दिलाय, लीव्हन. लाटांनी आणून दिलं तेवढं पोर आपण दोघांनीच चर्चच्या फरशीखाली ठेवलं. त्याचं दुःख मला कळतं. पण—"

पीटरनेलनं डोळे मिटून सुस्कारा सोडला. ब्रामसे कसलेला माणूस. कसं छान बाबांच्या कलानं घेत होता.

"दुःखाचं नाही रे," बाबांचा आवाज आला. "एका लेकराकडे पाठ फिरवून ताफा वाचवला मी. पुन्हा नाही फिरवणार. घरात आजारी माणूस आहे, आणि तिला माझ्याशिवाय कुणी नाही."

पीटरनेलनं चमकून तानेकेकडे पाहिलं. बिचारीचे डोळे खरंच लाल होते आणि चेहरा ओढलेला होता.

"चल, शेगडीपाशी बस," तिच्या कपाळावर हात ठेवत पीटरनेल हलकेच म्हणाली. "इतकं बरं नव्हतं तर मला सांगायचंस ना."