पाच वर्षांच्या तारखा

"पंचायतीची मुदतच संपली. आता या केसमध्ये काही उरलं नाही," म्हणत न्यायाधीशांनी फाइल मिटली. मालन एका मताने पडली, तेव्हा सासरच्यांनी तिच्या नावाने ही केस घातली होती. ती बाहेर येऊन व्हरांड्यातल्या नेहमीच्या बाकावर बसली. तिला हरवून सरपंच झालेली सिंधू तिथे डबा उघडून बसलीच होती.

दोघी एकाच माहेरच्या, लहानपणापासूनच्या मैत्रिणी. पण दोघींच्या सासरची माणसं एकमेकांच्या वाऱ्यालाही उभी राहत नसत, त्यामुळे गावात बोलायचीही चोरी. तारखेला मात्र पुरुषमंडळी वकिलांच्या मागे लागली की या मोकळ्या. पाच वर्षं याच बाकावर धपाटी वाटून खात त्यांनी एकमेकींची सुखदुःखं ऐकली होती.

आज मालनने धपाट्याला हातही लावला नाही. समोरून तिचे वकील आले. "वकीलसाहेब, वरच्या कोर्टात जाता येईल का हो?" तिने विचारलं.

"आता कशाला, ताई? पुढच्या महिन्यात निवडणूकच लागतेय," म्हणत ते हसून निघून गेले.

सिंधूने डबा तिच्याकडे सरकवला. "खा गं. या खेपेला तू निवडून ये," ती हळूच म्हणाली. "केस मी घालते."