चांदगार

राहूच्या माळावर हरिबाची नवी विहीर खोदताना भरदुपारी कडा ढासळला आणि हरिबा खाली गाडला गेला. त्याची बायको अनसाबाई काठावरून हाका मारत राहिली. तळाला झरा फुटून पाणी चढत होतं, त्यामुळे उतरायला कुणी धजेना. शेवटी शेजारचे पोपटराव आप्पा कमरेला दोर बांधून उतरले.

पोपटरावांचा जन्म चांदगार शोधण्यात गेला होता. अंधारात आपोआप उजळणारा तो दगड एकदा घरात आला, की पिढ्यान्‌पिढ्या दिवा लावावा लागत नाही. त्यापायी त्यांनी सारा माळ उकरला होता.

बऱ्याच वेळानं ते हरिबाला घेऊन वर आले, त्याला बाजेवर निजवलं आणि घरी गेले. मागोमाग विहीर पाण्यानं भरली.

दिवेलागणीला हरिबाला बोलता आलं.

“खाली आप्पांना चांदगार घावली व्हती, नारळाएवढी. तिच्याच उजेडात माझा हात दिसला त्यांना. मग एका हातानं त्यांनी दोर धरला आन् दुसऱ्यानं मला. ती तिथंच ऱ्हायली.”

अनसाबाई तशीच उठून पोपटरावांच्या दारी गेली. ते उंबऱ्यात बसून कंदिलाची काच पुसत होते. तिनं त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं.

“आप्पा, तुमची चांदगार...”

पोपटरावांनी काडी ओढून कंदील लावला.

“हरिबानं काय खाल्लं का?” त्यांनी विचारलं.