चर्चा करावी

"ही वकिलाची नोटीस, मॅडम. आज सही झाली नाही, तर उद्या मी कोर्टात."

निलेशचा आवाज चिरकला. मरोळच्या त्या सरकारी कार्यालयात नलिनी मॅडमसमोर इतक्या चढ्या आवाजात कोणी बोलत नसे. बाहेरची कुजबुज एकदम थांबली.

मॅडमनी नोटिशीला हातही लावला नाही. "बस."

"बसायला वेळ कुणाला आहे? परवा नानांचं ऑपरेशन. माझ्या लिव्हरचा तुकडा द्यायचाय त्यांना, महाबळेश्वरला नाही चाललोय मी! ही तारीख हुकली तर नाना पुढची बघणार नाहीत, डॉक्टरांनी स्वच्छ सांगितलंय."

खरंच होतं ते. मुलुंडच्या हॉस्पिटलात सगळ्या तपासण्या झाल्या होत्या. बाप-लेकाचं जुळलंही होतं. घोडं अडलं होतं ते रजेवर. निलेश नोकरीत अजून कायम झाला नव्हता. रजा मंजूर नसताना गैरहजर राहिला, तर नोकरीच जायची, आणि घरी बायकोला, अक्षताला आठवा महिना. अर्ज मॅडमकडे जायचा आणि दर वेळी तोच शेरा घेऊन परत यायचा, 'चर्चा करावी'. हा चर्चेला गेला, की मॅडम मीटिंगमध्ये. मॅडम जागेवर असल्या, की फोनवर. अरे, इकडे माणूस मरायला टेकलाय आणि चर्चा कसली करताय?

वकील गंधालीताईंनीही कपाळावर हात मारला होता. "यांनी सरळ नामंजूर केली असती ना, तर बरं झालं असतं. नकार मिळाला की वर अपील करता येतं. इथे हो नाही आणि नाहीपण नाही. आता न्यायाधिकरणात जाऊन 'आधी निर्णय तरी द्या' असा आदेश आणायचा. त्यात वेळ जाणारच."

विक्रोळीला घरी पोचलं, की नाना दारातच विचारायचे, "रजेचा काय झाला?"

निलेश नुसती मान हलवायचा.

"सरकारी काम आसा, झिला. घाई कित्याक?" असं म्हणून नाना जेवायला बसायचे आणि दोन घास जास्तच खायचे. निलेशला भयंकर राग यायचा. याच कार्यालयातून अधीक्षक म्हणून निवृत्त झालेला माणूस! एक फोन केला असता तर काय बिघडलं असतं? मग त्याचं त्यालाच वाईट वाटायचं. आपल्याला धीर द्यायला म्हातारा हसतोय, असं वाटून तो मोरीत जाऊन तोंड धुऊन यायचा.

आता मात्र त्याचा तोल सुटला. "मॅडम, तुम्हाला या ऑफिसात काम शिकवलं ते नानांनी. त्यांच्या जिवावर उठलाय तुम्ही. जरा तरी लाज वाटू द्या!"

नलिनी मॅडमचा चेहरा उतरला. त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला, परत घातला. मग पेन उचललं, अर्जावर 'मंजूर' लिहिलं, खाली सही केली आणि कागद त्याच्याकडे सरकवला.

निलेशने कागद उचलून सही पाहिली. "बस, एवढंच? मग इतके दिवस छळलंत कशाला?"

"शब्द दिला होता रे. आज मोडला." मॅडमनी डोळे पुसले. "तू अर्ज दिलास, त्याच दुपारी नाना आले होते. तू बसत नाहीयेस ना, त्याच खुर्चीत बसले. हात जोडले माझ्यापुढे. म्हणाले, 'नलू, घरात माझं कोणी ऐकत नाही. पोराला आता लेकरू होईल, माझ्यासाठी त्याच्या अंगावर सुरी नको. पण रजा नामंजूर करू नकोस हां, तो अपिलात जाईल. तू नुसतं चर्चा करावी असं लिहीत राहा.'"