‘पे’चे तीन नुक्ते

“ताई, जल्दी करा! नळ सुटून बराच वेळ झाला,” केबलवाले सर्जेराव दारातूनच ओरडले. “पाइपात गटाराचं पाणी शिरलंय. मराठी सूचना मी चालू केली. पण ह्या गल्लीतल्या म्हाताऱ्या बाया उर्दूच वाचतात. भोंग्याची रिक्षा यायला टाइम लागंल. दुपारची सिरियल चालू हाय, घरोघरी टीव्ही लागलेत. आत्ताच पाठवा.”

सत्यशीलानं उर्दूतली ओळ कधीच टाइप केली होती. कॉम्प्युटरवर ती नीट दिसत होती, पण शेजारच्या टीव्हीवर अक्षरं केसासारखी बारीक होऊन लुकलुकत होती. तिनं ती जाड करायचं बटण दाबलं. अक्षरं फुगली, आणि ‘पे’ अक्षराखालचे तीन नुक्ते एकमेकांना चिकटून त्यांचा एकच ठिपका झाला.

“आता हे ‘पानी’ न्हाई राह्यलं, बेटी,” बाजूच्या खुर्चीतले दस्तगीरचाचा म्हणाले. “एका नुक्त्याचा ‘बे’ होतो, म्हणून ‘बानी’ झालं. बानी मत पियो. कोण काय समजंल?”

चाचांनी हयातभर उर्दू अखबाराचे मथळे बोरूनं लिहिले होते. आता त्यांचा हात इतका थरथरायचा, की चहा बशीत सांडायचा. म्हणून ते बोलायचे आणि सत्यशीला माउसनं काढायची. टीव्हीसाठी जाड उर्दू अक्षरांचा संच दोघं मिळून करत होते. अलिफ झाला होता, नून झाला होता, मीम तर तीनदा मोडून काढला होता. ‘पे’ तेवढा राहिला होता.

“सांगा चाचा,” ती म्हणाली. “आत्ताच काढू.”

चाचांनी डोळे मिटले. “शब्दाच्या सुरुवातीला ‘पे’ सगळा येत न्हाई. नुसता एक दात उभा कर. जाड. अजून जाड. हां. आता नुक्ते. गोल नको. बोरू टेकवल्यासारखे, चौकोनी, तिरपे.”

तिनं तीन ठिपके मांडले.

“दूर कर. मधली सफेदी दिसू दे.”

“बसत न्हाईत. ओळीच्या खाली चाललेत.”

“मंग दात वर उचल ना. नुक्त्यांना जागा पाहिजे.”

तिनं दात उचलला. नुक्ते सुटे झाले. सर्जेराव पडद्याकडे बघत आत आले.

सत्यशीलानं टाइप करायला घेतलं. ‘पे’ एकटा उभा राहिला. तिनं अलिफ दाबला, तसा ‘पे’ जरासा वळला आणि त्याला जाऊन भिडला. मग नून आला, मग ‘ये’ अक्षर. एकेक अक्षर शेजारी कोण आलंय ते बघून अंग आवरत होतं, कूस बदलत होतं. रेषेन् रेषेचा बाक तिनं स्वतः ओढला होता, तरी हे आपण केलंय असं तिला वाटेना.

टीव्हीच्या निळ्या पडद्यावर पिवळ्याजर्द अक्षरांची ओळ उजवीकडून डावीकडे उमटली. पानी मत पियो.

चाचा उठून टीव्हीपाशी गेले. काचेपासून वीतभर अंतरावर त्यांचा पंजा हलत राहिला.

“हाथ तो मेराच है,” ते हळूच म्हणाले. “बिलकुल मेरा. पण बघ, जरासुद्धा न थरथरता उभा राह्यलाय.”

सत्यशीलानं ओळ सर्जेरावांच्या केबलवर सोडली. ती गॅलरीत आली.

समोरच्या घराचं दार उघडं होतं. आत टीव्हीपुढं बसलेली म्हातारी मान पुढं काढून, ओठ हलवत वाचत होती. वाचून झाल्यावर तिनं नातवाच्या हातातला गिलास काढून घेतला. मग गुडघ्यावर हात टेकून ती उठली, नळाखाली नुकताच भरलेला हंडा ओढत उंबऱ्यापर्यंत आणला आणि गल्लीत उपडा केला.

तिच्या पलीकडच्या घरातून एक कळशी बाहेर आली. त्याच्या पलीकडून बादली. पार वळणापर्यंत एकेका उंबऱ्यातून पाणी बाहेर पडत होतं, उन्हात चमकत उताराला लागत होतं, आणि कुणीच कुणाला हाक मारत नव्हतं.